ढावल्यावर चढवलेलं गाणं

नेरच्या बाजारओळीतली नंदाताईंच्या स्टुडिओची मागची खोली रिकामी होत होती. ज्या निळ्या पडद्यापुढे अर्ध्या तालुक्याने लग्नाचे फोटो काढले, तो पडदा गुंडाळून कोपऱ्यात उभा केला होता. दारातून एकदम पाहिलं तर तोंड फिरवून कोणीतरी उभं आहे असं वाटावं. मी चप्पल काढली, आत पाऊल टाकलं, आणि डोळे सरावायच्या आधी वास आला. कूलरमधल्या ओल्या वाळ्याचा, तापून गार झालेल्या मशीनचा, आणि या दोन्हींच्या तळाशी कापसाचा. दार बंद ठेवा नाहीतर उघडं, नेरमध्ये कापूस घरात येतोच.

"आली का वं?" नंदाताई खुर्चीतूनच म्हणाल्या. गुडघे गेलेत त्यांचे. "किती वाळली! मुंबईत खायले देत नाहीत का तुले?"

मग त्यांनी मांडीवरचा बिस्किटाचा पत्र्याचा डबा माझ्याकडे सरकवला. झाकण त्यांनी उघडलं नाही. मीही उघडलं नाही.

त्यांचा फोन आठवड्यापूर्वी आला तेव्हा मी मुंबईत एका मालिकेच्या एडिटला बसले होते. "दुकान खाली करून राह्यलो," त्या म्हणाल्या. "जमनाची कॅसेट आहे माह्यापाशी. तुह्या बहिणीची. तिच्या पोरीच्या लग्नाच्या आत येऊन घेऊन जाय."

मी म्हटलं, "ताई, ती तर पुसली होती."

मग म्हणाल्या, "तू पुसायच्या ढिगात ठेवली होती. मी पुसली नाही."

तेव्हापासून माझे हात गार आहेत.

मी नववीतून शाळा सोडली. कशी सुटली, कोणामुळे सुटली, ते आता उकरण्यात काही नाही. सुटली. आमचा बंजाऱ्यांचा तांडा नेर आणि बोरी अरबच्या मधे, डांबरी रस्ता सोडून आत. आमचे पणजोबा बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य वाहायचे, आम्ही तूर-कापसाला चिकटलो. घरात गोरबोली, शेतावर वऱ्हाडी, आणि शाळेत एक तिसरीच मराठी, जी बोलताना मला कायम दुसऱ्याची चप्पल घातल्यासारखं वाटायचं. अजूनही वाटतं. हे लिहितानाही मी दोनदा मागे वळून पाहते की कुठे चुकलं का.

जमना माझ्याहून तीन वर्षांनी मोठी. कापूस वेचून तिच्या बोटांना नखांपाशी बारीक चिरा पडलेल्या असायच्या आणि त्यात ती खोबरेल भरायची. तो वास, खोबरेलाचा आणि बोंडाच्या वाळक्या पाकळ्यांचा, हाच माझ्यासाठी जमनाचा वास. ती कामात गात नसे. आमच्या याडीला, म्हणजे आईला, त्याची काळजी वाटायची. "ह्या पोरीले ढावलो कसा येईल?" म्हणायची.

नंदाताईंनी मला एका लग्नात हेरलं. बाकी पोरी कॅमेऱ्यासमोर जायला धडपडत होत्या आणि मी म्हणे मागे उभी राहून कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यात काय दिसतं ते पाहत होते. त्यांनी याडीला विचारलं, मला विचारलं, आणि दुसऱ्या सोमवारी मी एसटीने नेरला आले. काका, त्यांचे मालक, गावोगाव शूटिंग करायचे. मिक्सिंग नंदाताई करायच्या. आमच्याकडे एडिटिंगला मिक्सिंगच म्हणतात. मुंबईत पहिल्या दिवशी मी तो शब्द वापरला तर सगळे हसले, म्हणून नंतर गिळला. पण मनात मी अजून मिक्सिंगच करते.

त्या खोलीचे ऋतू मला पाठ आहेत. हिवाळ्यात कापसाच्या गाड्या लागायच्या, बाजारसमितीपर्यंत रांग, आणि हवेत तूस तरंगायची. ती संगणकाच्या पोटात शिरायची. महिन्यातून एकदा डबा खोलला की आत एक राखाडी उशी तयार झालेली असे. नंदाताई ती चिमटीने ओढून काढायच्या आणि म्हणायच्या, "घे, मशीन बाळंत झाली." उन्हाळ्यात लग्नं. टेबलावर कॅसेटींचा ढीग, कूलरचं पाणी संपलेलं, बाहेर वाजंत्री, आत तीच वाजंत्री हेडफोनमध्ये. नवरा घोड्यावर आला की पडद्यावर बदाम उडवायचे, नवरी पाटावर बसली की तिला कमळात बसवायचं. मधेच लाइन जायची आणि तासाभराचं काम काळ्या पडद्यात बुडायचं. "सेव्ह केलं होतं का वं?" मी मान हलवायची. "मग आता रड, अन् झालं की पुन्हा कर."

पावसाळ्यात लग्नं नसत. मग आम्ही कॅसेटींना बुरशी लागू नये म्हणून डब्यात तांदळाच्या पुरचुंड्या ठेवायचो. रिकाम्या झालेल्या कॅसेटी एका ढिगात जायच्या. त्यांच्यावर पुढच्या हंगामात दुसरं लग्न यायचं. एकाच फितीवर किती नवऱ्या एकावर एक झोपल्या असतील, असं माझ्या मनात यायचं. मी ते कोणाला बोलले नाही.

सगळं मला त्या बाईने शिकवलं. कुठे कापायचं, कुठे थांबायचं, कोणाचा मामा कोण आहे हे आधी विचारून घ्यायचं, नाहीतर तो कापला जातो आणि भांडण लागतं. मी आज जे चार घास खाते ते त्यांच्या हातचे आहेत, हे मी देवापुढेही म्हणेन. त्यांचा एकच नियम मी आयुष्यभर पाळला आणि तोच मला खाली ओढत आला. तो नियम असा: "रडणं आलं की चेहरा ठेव, आवाज काढ, गाणं चढव. घरी बसून रडण्याचा आवाज कोणाले ऐकाचा नसते."

आता ढावलो म्हणजे काय ते सांगायला हवं. आमच्यात नवरी सासरी निघते तेव्हा एकेकाच्या गळ्यात पडून गात रडते, की रडत गाते. त्याला ढावलो म्हणतात. चाल जुनी, एकच. ती तांड्यातल्या म्हाताऱ्या लग्नाआधी महिनाभर नवरीला शिकवतात. शब्द थोडे शिकवलेले, थोडे तिचे स्वतःचे. मग तिला बैलाच्या पाठीवर उभं करतात, ती दोन्ही हात वर करून माहेराकडे तोंड करते, आणि संपतं. जे ती बोलून सांगू शकत नाही ते तिला त्या चालीत सांगता येतं. कोणी तिला अडवत नाही. पण उत्तरही देत नाही. ढावल्यात म्हटलेल्याला उत्तर द्यायची आमच्यात रीतच नाही. सगळ्या जणी फक्त तिच्याबरोबर रडतात.

जमनाचं लग्न बोरी अरबच्या पलीकडच्या एका तांड्यात झालं. मी लग्नात होते, पण पाणी वाढण्यात आणि गर्दीत. तिचा ढावलो मी ऐकला तो सगळ्यांच्या रडण्याखाली दबलेला. काका मात्र कॅमेरा घेऊन तिच्या अगदी खांद्याशी उभे होते.

"घरचं लग्न आहे, तूच कर," नंदाताई म्हणाल्या. मला केवढा मान वाटला. पहिलं अख्खं लग्न. मी हळद लावली, वरात लावली, बदाम उडवले. दुपारी पाठवणीपर्यंत आले आणि हेडफोन कानाला लावला.

कॅमेऱ्याने तिचा श्वासही उचलला होता. आधी शिकवलेले शब्द आले, बापाचं अंगण, आईची चूल. मग तिचा आवाज खाली गेला आणि गोरबोलीत ती असं म्हणाली, मी इथे मराठीत लिहिते:

याडी ये, कापूस वेचायला त्या बाजूला गेले होते तेव्हा सासरचं ते घर मी पाहिलं. खुंटीवर एक कांचळी टांगलेली आहे, तिच्या काचा अजून चमकतात. ती कोणाची, घरात कोणी नाव घेत नाही. याडी ये, मी कशी जाणार ते नको विचारू. जाऊ का, ते एकदा विचार.

कांचळी म्हणजे आमच्या लग्न झालेल्या बायांची आरशांची चोळी.

मी ते तीनदा ऐकलं. लग्न होऊन तेव्हा बारा दिवस झाले होते. जमना त्या घरात होती. टेबलावर माझ्या हाताशी त्या वर्षीच्या चालत्या गाण्यांची सीडी होती. मी सोळा वर्षांची होते, पहिलं अख्खं लग्न होतं, आणि नियम मला माहीत होता. मी चेहरा ठेवला, आवाज काढला, गाणं चढवलं. मग कॅसेट काढून पुसायच्या ढिगात ठेवली.

लग्नाची सीडी सगळ्यांना फार आवडली. याडी तर पाठवणीलाच दर वेळी डोळे पुसायची. जमनाचे ओठ हलताहेत आणि वर कुठल्या तरी हिरॉइनचा आवाज.

दुसऱ्या वर्षी पल्लवी झाली. पल्लवी दीड वर्षाची असताना जमना गेली. काय झालं ते मला जेवढं सांगितलं तेवढंच माहीत आहे, आणि ते मी इथे लिहीत नाही. तिचे कपडे एका गाठोड्यात परत आले. त्यात साड्या होत्या, परकर होते, लेकराची टोपी होती. तिची कांचळी नव्हती.

त्यानंतर मी नेरमध्ये टिकले नाही. नंदाताईंनीच मुंबईत ओळख काढून दिली, गाडीत बसवायला बडनेऱ्यापर्यंत आल्या, दशम्या बांधून. आधी जाहिराती, मग भक्तीच्या मालिका, मग घराघरांच्या. आता तिथे म्हणतात, रडण्याचे सीन हिच्याकडे द्या. मला ते कौतुक ऐकून घाम फुटतो. दिग्दर्शक मागून म्हणतो, "ताई, म्युझिक चढवा ना," आणि मी चढवते. पण त्याआधी प्रत्येक टेक मी शेवटपर्यंत ऐकते. नटी रडून झाल्यावर नाक पुसते, पाणी मागते, कधी हसते, तोपर्यंत. सोबतचे चिडतात. "एपिसोड जायचाय, काय ऐकत बसलीस?" मी सांगत नाही. मला फक्त खात्री करायची असते की त्या रडण्याच्या आत कोणी काही बोललेलं नाही.

पल्लवीला याडीने तांड्यावरच वाढवलं. बारावी झाली, एकोणीस सरलं. यंदा तिचं लग्न ठरलं. त्याच बाजूला, तिच्या आईच्या सासरपासून दोन तांडे सोडून. फोनवर म्हणाली, "मावशी, मले ढावलो शिकाचा आहे. आजीले आता चाल आठवत नाही, मधेच विसरते. आईचा ऐकला असता तं शिकली असती. सीडीत तं गाणंच वाजते."

मी म्हटलं, "मूळ कॅसेट पुसली गं."

"कोणं पुसली?"

मी म्हटलं, रेंज नाही, नंतर बोलू.

तर असा तो डबा. झाकण मी शेवटी उघडलं. आत पाच-सहा कॅसेटी आणि तांदळाची पुरचुंडी, तिचं आता पीठ झालेलं, हात लावताच त्यातून बारीक किडे निघाले. नंदाताईंनी कॅमेराही ठेवला होता, फडक्यात गुंडाळून. त्यांनीच कापसाच्या बोळ्याने त्याचं आतलं पुसलं. "एखादवेळी फीत खाईल," म्हणाल्या. "खाल्ली तं खाल्ली."

खाल्ली नाही. छोट्या पडद्यावर जमना आली, एकोणीस वर्षांची, नाकात भुरिया, गाल सुजलेले. मी कॅमेऱ्यातून वायर लॅपटॉपला जोडली, आवाज उतरवून घेतला. ऐकला. एकही शब्द माझ्या आठवणीहून वेगळा नव्हता. इतकी वर्षं मी तो जसाच्या तसा वाहत होते.

आणि मग मी जे केलं ते सांगते. पल्लवी दुपारी येणार होती. लग्न पाच दिवसांवर. मला वाटलं, पोरीला आईचा आवाज द्यावा, पण तेवढं कशाला द्यावं? मी त्या ओळींच्या आधीचा श्वास धरला, नंतरचा हुंदका धरला, मधलं काढलं, आणि जोड बुजवला. दहा मिनिटं लागली. पुन्हा ऐकलं तर मलासुद्धा सांधा सापडेना. इतकं स्वच्छ काम मी आयुष्यात केलेलं नाही. त्याचीच मला भीती वाटली.

"काढलं का काही?" नंदाताईंनी विचारलं.

"तुमाले गोरबोली कळते का, ताई?"

"नाही वं. तुहे हात कळतात मले. त्या दिवशीही असेच थांबले होते. मंग तू डबा न खाता वापस नेला. म्हणून मी कॅसेट बाजूला काढली." त्या पदराने चष्मा पुसत राहिल्या. "तुले विचाराचं मात्र राहून गेलं. हंगाम होता."

बाहेर स्कूटी थांबली. पल्लवी आत आली ती होणाऱ्या नवऱ्याचा फोन कानाला लावूनच. "हो जी... नेरलेच आहो... मावशीसंग... कोणी नाही जी, बायाच आहोत." मग तिने आम्हाला काही न विचारता खोलीचा फोटो काढला. नंदाताई, मी, गुंडाळलेला पडदा. पाठवला. मला वाकून नमस्कार केला. खाली वाकली तोवर फोन पुन्हा वाजला.

"त्या कोपऱ्यात पडदाच आहे जी," ती म्हणाली. "माणूस नाही. थांबा, दुसरा पाठवतो."

तिने पडद्याजवळ जाऊन, तो हाताने धरून, दुसरा फोटो काढला. नंदाताईंनी आणि मी एकमेकींकडे पाहिलं नाही. वाळ्याचा वास अचानक फार जड झाला.

"कुठं आहे आई?" पल्लवी खाली बसत म्हणाली. हसत होती. हसताना जमनासारखा एक दात पुढे येतो तिचा.

लॅपटॉप उघडाच होता. फाइल तयार होती, फक्त दाबायचं होतं. मी हेडफोनची वायर लॅपटॉपला लावली. मग काढली. कॅमेऱ्याला लावली. फीत मागे नेताना ती पूर्वीसारखीच किणकिणली, आणि मी हेडफोन पोरीच्या कानावर ठेवला. तिच्या केसांनाही खोबरेलाचा वास होता.

जन्मात पहिल्यांदा तिने ते ओठ आणि तो आवाज एकत्र पाहिले. आधी तिचा हात तोंडावर गेला. मग खाली आला. बापाचं अंगण, आईची चूल. ती चाल पकडत होती, मान हलत होती, ओठ आईच्या ओठांमागून अर्धा क्षण उशिरा हलत होते. मला हेडफोनशिवायही कळत होतं आता कुठे आलं, आता श्वास, आता खाली जाणार आवाज.

तिची मान थांबली.

फोन वाजला. तिने उचलला नाही. वाजून बंद झाला, पुन्हा वाजला. तिने कॅमेऱ्याचं बटण स्वतःच शोधलं, फीत मागे नेली, पुन्हा ऐकली. तिसऱ्यांदाही. मी सोळाव्या वर्षी जितक्यांदा ऐकली होती, तितक्यांदा. मग तिने हेडफोन काढून मांडीवर ठेवला. त्यातून जमना बारीक आवाजात पुढे गातच होती. आणि पल्लवी हळू आवाजात, त्याच चालीत, गोरबोलीत म्हणून पाहू लागली. अंगण आलं, चूल आली, ते तिने मन लावून म्हटलं, शाळेतली कविता म्हणतात तसं. कांचळीची ओळ तिने म्हटलीच नाही. सरळ शेवटच्या ओळीवर आली. ती म्हणताना मात्र शिकणं संपलेलं होतं. जाऊ का, ते एकदा विचार. आमच्याकडे न पाहता, फरशीकडे पाहत, दोनदा.

ढावल्यात म्हटलेल्याला आमच्यात कोणी उत्तर देत नाही. मला वाटलं, मी कोण, नववीतून शाळा सुटलेली, मुंबईहून आलेली, याडीने ठरवलेलं, पत्रिका वाटून झालेल्या. हे सगळं वाटलं. आणि हात गार होते तेवढेच.

"पल्लवी," मी म्हटलं, "जायचं आहे का तुले?"

तिने वर पाहिलं. फोन मांडीवर पुन्हा उजळला होता, थरथरत होता. तिने तो पालथा घातला.

"मावशी," ती म्हणाली, "दार लाव."

मी उठायच्या आधी खुर्ची करकरली. नंदाताई गुडघ्यांवर दोन्ही हात ठेवून उठल्या, भिंत धरत दारापर्यंत गेल्या, आणि त्यांनी कडी घातली.